सर्गेई आयझेनस्टाइन

सर्गेई मिखाइलोविच आयझेनस्टाइन (जन्म : रीगा, २२ जानेवारी, इ.स. १८९८, मृत्यू : मॉस्को, ११ फेब्रुवारी, इ.स. १९४८) हे सोव्हिएत चित्रपट-दिग्दर्शक, नाट्यदिग्दर्शक, चित्रपट-सिद्धांतकार आणि अध्यापक होते. 'बॅटलशिप पोतेमकिन' (१९२५) या मूकपटामुळे ते जगभर प्रसिद्ध झाले. चित्रपटातील दोन शॉट एकमेकांवर आदळले म्हणजे त्या दोहोंपैकी एकातही नसलेला तिसरा अर्थ जन्माला येतो, हा 'मोंताज'चा सिद्धांत त्यांनी मांडला आणि आपल्या चित्रपटांतून सिद्ध केला.

सुमारे पाव शतकाच्या कारकिर्दीत आयझेनस्टाइन यांचे केवळ सात पूर्ण लांबीचे चित्रपट तयार झाले. त्यांतही काहींत शासनाच्या आज्ञेने बदल करावे लागले आणि एक त्यांच्या हयातीत प्रदर्शितच झाला नाही. याखेरीज मेक्सिकोत चित्रित केलेला एक चित्रपट त्यांच्या हातून काढून घेण्यात आला, तर एक मायदेशातच नष्ट झाला. संकलन हा चित्रपटाचा प्राण मानणाऱ्या या दिग्दर्शकाच्या कलाकृतींचे अंतिम संकलन पुष्कळदा इतरांच्या कात्रीने ठरले. त्यामुळे त्यांचे चरित्र हे विसाव्या शतकातील कलावंत आणि राज्यसत्ता यांच्या संबंधांचेही चरित्र आहे.

बालपण आणि शिक्षण

आयझेनस्टाइन यांचा जन्म तत्कालीन रशियन साम्राज्यातील रीगा या बंदराच्या शहरी झाला. हे शहर आज लाटव्हिया या देशाची राजधानी आहे. त्यांचे वडील मिखाईल ओसिपोविच आयझेनस्टाइन हे स्थापत्य अभियंता व वास्तुविशारद होते. मुखवटे, पऱ्या आणि वेलबुट्ट्या यांनी सजवलेल्या त्यांच्या इमारती रीगामध्ये आजही उभ्या असून 'आर नूव्हो' शैलीचे उत्तम नमुने म्हणून पर्यटक त्या पाहायला जातात. आई यूलिया इव्हानोव्हना या सेंट पीटर्सबर्ग येथील सधन व्यापारी घराण्यातील होत्या. आईवडिलांचे पटत नसे. त्यांच्या विभक्त होण्याने सर्गेई यांच्या बालपणावर खोल परिणाम केला. आई सेंट पीटर्सबर्गला निघून गेली आणि सर्गेई रीगामध्ये शिस्तप्रिय व कठोर वडिलांच्या छत्राखाली वाढले. लहानपणीच त्यांना जर्मन, फ्रेंच आणि इंग्रजी या भाषा अवगत झाल्या. व्यंगचित्रे काढण्याचा आणि सर्कस पाहण्याचा त्यांना विलक्षण नाद होता.

वडिलांच्या इच्छेनुसार १९१५ साली त्यांनी पेत्रोग्राद येथील स्थापत्य अभियांत्रिकी संस्थेत प्रवेश घेतला. १९१७ची क्रांती झाली तेव्हा ते विद्यार्थीच होते. १९१८मध्ये शिक्षण सोडून ते लाल सेनेत दाखल झाले. वडील मात्र विरोधी, म्हणजे श्वेत पक्षाच्या बाजूला गेले. पुढे ते देशत्याग करून जर्मनीला गेले आणि १९२० साली बर्लिन येथे वारले. यादवी युद्धाने बाप आणि मुलगा यांना असे समोरासमोरच्या छावण्यांत उभे केले. बाप-लेकांतील संघर्ष हा विषय आयझेनस्टाइन यांच्या पुढील कामात पुन्हा पुन्हा का येतो, याचे मूळ अनेक अभ्यासक येथे शोधतात.

सैन्यात त्यांनी तटबंदीची कामे केली. पुढे सैनिकांच्या नाट्यपथकांसाठी नेपथ्य रंगवणे आणि प्रचाराच्या रेल्वेगाड्या चित्रांनी सजवणे ही कामे त्यांच्याकडे आली. १९२०मध्ये ते जपानी भाषा शिकण्यासाठी मॉस्कोला आले. हा अभ्यास त्यांनी फार काळ केला नाही, परंतु जपानी चित्रलिपीने त्यांना पुढील सिद्धांताचे बीज दिले. या लिपीत 'डोळा' आणि 'पाणी' या दोन चिन्हांच्या संयोगातून 'रडणे' हा अर्थ होतो. 'दार' आणि 'कान' मिळून 'ऐकणे' होते. दोन दृश्य वस्तू शेजारी ठेवल्या की न दिसणारी कल्पना प्रकट होते, हे तत्त्व त्यांनी या लिपीतून उचलले.

रंगभूमीवरील कार्य

मॉस्कोत आयझेनस्टाइन 'प्रोलेटकुल्ट' या श्रमिकांच्या सांस्कृतिक संघटनेच्या नाट्यगृहात नेपथ्यकार म्हणून काम करू लागले. १९२१च्या सुमारास त्यांनी प्रसिद्ध नाट्यदिग्दर्शक व्सेवोलोद मेयरहोल्ड यांच्याकडे दिग्दर्शनाचे शिक्षण घेतले. अभिनय म्हणजे भावनेत बुडणे नसून शरीराची नेमकी, तालबद्ध हालचाल होय, ही मेयरहोल्ड यांची शिकवण होती. आयझेनस्टाइन त्यांना अखेरपर्यंत गुरुस्थानी मानीत.

१९२३ साली त्यांनी एकोणिसाव्या शतकातील रशियन नाटककार अलेक्झांडर ओस्त्रोव्स्की यांच्या एका विनोदी नाटकाचे सर्कशीच्या धर्तीवर रूपांतर करून ते रंगमंचावर आणले. तारेवरची कसरत, विदूषकी चाळे आणि प्रेक्षकांना दचकवणाऱ्या युक्त्या यांनी भरलेल्या या प्रयोगात त्यांनी 'ग्लुमोव्हची रोजनिशी' हा लहानसा चित्रपट दाखवला. तीच त्यांची पहिली चित्रकृती. त्याच वर्षी 'लेफ' या नियतकालिकात त्यांचा 'आकर्षणांचे मोंताज' हा लेख प्रसिद्ध झाला. प्रेक्षकाच्या इंद्रियांवर आणि मनावर हिशेबाने आघात करणारा प्रत्येक घटक म्हणजे 'आकर्षण', आणि अशा आघातांची योजनाबद्ध मांडणी म्हणजे नाट्यप्रयोग, असे त्यांनी त्यात प्रतिपादन केले.

१९२४मध्ये सर्गेई त्रेत्याकोव यांच्या 'गॅस मास्क' या नाटकाचे प्रयोग त्यांनी मॉस्कोतील एका खऱ्याखुऱ्या गॅस कारखान्यात केले. खरी यंत्रे आणि खरा वास यांपुढे नटांचा अभिनय खोटा वाटू लागला. वास्तवच हवे असेल तर रंगमंचाची चौकट अपुरी आहे, हे त्यांना या फसलेल्या प्रयोगातून उमगले आणि ते चित्रपटाकडे वळले. याच सुमारास एस्फिर शुब या संकलिकेबरोबर त्यांनी एका जर्मन चित्रपटाच्या सोव्हिएत आवृत्तीच्या फेरसंकलनात भाग घेतला. शॉटचा क्रम बदलला की कथाच बदलते, हा धडा त्यांना संकलनाच्या मेजावर प्रत्यक्ष मिळाला.

मूकपटांचा काळ

'स्ट्राइक' (संप) हा आयझेनस्टाइन यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट १९२५ साली प्रदर्शित झाला. झारकालीन कारखान्यातील संप आणि त्याचे निर्घृण दमन हा त्याचा विषय आहे. त्यात एकच एक नायक नाही. कामगारांचा समुदाय हाच नायक आहे. अखेरीस संपकऱ्यांच्या कत्तलीची दृश्ये आणि कत्तलखान्यात कापल्या जाणाऱ्या बैलाची दृश्ये आळीपाळीने दाखवली आहेत. या चित्रपटापासून छायालेखक एदुआर्द तिस्से यांच्याशी त्यांचे सहकार्य सुरू झाले आणि ते शेवटपर्यंत टिकले.

१९०५ सालच्या क्रांतीला २० वर्षे पूर्ण होत असल्याने त्या घटनांवर एक विस्तृत चित्रपट काढण्याचे काम शासनाने त्यांच्याकडे सोपवले. निना अगाजानोवा यांच्या मूळ पटकथेत काळ्या समुद्रातील 'पोतेमकिन' या युद्धनौकेवरील बंड हा केवळ एक छोटा प्रसंग होता. वेळ अपुरा होता आणि हवामानही अनुकूल नव्हते. ओडेसा येथे पोहोचल्यावर आयझेनस्टाइन यांनी तेवढ्या एका प्रसंगाचाच पूर्ण चित्रपट करण्याचे ठरवले. मूळ नौका तोवर मोडीत निघाली असल्याने 'बारा प्रेषित' या नावाच्या जुन्या युद्धनौकेवर चित्रण करण्यात आले. २१ डिसेंबर १९२५ रोजी मॉस्कोच्या बोल्शोय नाट्यगृहात चित्रपटाचा पहिला खेळ झाला.

'बॅटलशिप पोतेमकिन' पाच भागांत विभागलेला आहे. किडे पडलेले मांस खाण्याची सक्ती, खलाशांचे बंड, मारल्या गेलेल्या वाकुलिंचुक या खलाशाच्या शवाभोवती लोटलेला शहरवासीयांचा जनसागर, झारच्या सैनिकांनी घाटाच्या पायऱ्यांवर केलेला गोळीबार आणि शेवटी आरमाराच्या ताफ्यातून नौकेचे सुखरूप पार होणे, असा त्याचा क्रम आहे. पायऱ्यांवरील प्रसंग चित्रपटाच्या इतिहासात सर्वाधिक अभ्यासला गेलेला प्रसंग मानला जातो. एका तालात उतरणारे सैनिकांचे बूट, सैरावैरा धावणारी माणसे, मेलेले मूल हातांवर घेऊन पायऱ्या चढणारी आई आणि घरंगळत जाणारी बाबागाडी यांचे शॉट त्यात गुंफले आहेत. प्रत्यक्षात काही क्षणांत घडेल ते येथे कित्येक पटींनी लांबवले आहे, कारण येथील काळ घड्याळाचा नसून भीतीचा आहे. शहरात १९०५ साली रक्तपात झाला होता. परंतु पायऱ्यांवरील कत्तल ही या स्वरूपात दिग्दर्शकाची निर्मिती होय. तरीही असंख्य लोकांच्या मनात तीच इतिहास म्हणून ठसली.

याच चित्रपटात क्रिमियातील एका राजवाड्यातील तीन संगमरवरी सिंह येतात. एक निजलेला, एक जागा झालेला आणि एक उठू पाहणारा. तिन्हींचे शॉट झटपट एकामागून एक येताच दगडी सिंह संतापाने उठल्याचा भास होतो. बंडानंतर नौकेवर फडकणारा झेंडा कृष्णधवल चित्रफितीवर हाताने लाल रंगवलेला होता. १९२६मध्ये बर्लिन येथे एडमंड मायझेल यांच्या संगीतासह हा चित्रपट गाजला आणि आयझेनस्टाइन यांचे नाव युरोप-अमेरिकेत पोहोचले. त्याच्या प्रभावाची धास्तीही तेवढीच होती. ब्रिटनमध्ये त्याच्या सार्वजनिक प्रदर्शनावर १९५४पर्यंत बंदी होती. १९५८ साली ब्रुसेल्स येथील जागतिक प्रदर्शनाच्या निमित्ताने घेतलेल्या समीक्षकांच्या कौलात त्याला जगातील सर्वश्रेष्ठ चित्रपटाचा मान मिळाला.

१९१७च्या क्रांतीच्या दशकपूर्तीसाठी त्यांनी ग्रिगोरी अलेक्झांद्रोव यांच्यासह 'ऑक्टोबर' हा चित्रपट केला. त्याचे काम चालू असतानाच स्टालिन यांनी लिओन ट्रॉट्स्की यांना सत्तेतून आणि पक्षातून दूर केले. त्यामुळे क्रांतीचे प्रमुख नेते असलेल्या ट्रॉट्स्की यांची दृश्ये चित्रपटातून काढावी लागली आणि तो १९२८मध्ये प्रदर्शित झाला. राज्यकर्त्यांच्या कात्रीशी आयझेनस्टाइन यांची ही पहिली मोठी गाठ होय. हंगामी सरकारचे प्रमुख केरेन्स्की यांच्या शेजारी पिसारा फुलवणारा यांत्रिक मोर दाखवणे, किंवा निरनिराळ्या धर्मांच्या देवमूर्ती एकामागून एक दाखवून धर्मसंकल्पनेबद्दलच प्रश्न उभा करणे, असे धाडसी प्रयोग त्यांनी यात केले. सामान्य प्रेक्षकांना ते दुर्बोध वाटले. हिवाळी प्रासादावरील हल्ल्याची यातील दृश्ये मात्र पुढे अनेकदा प्रत्यक्ष घटनेची छायाचित्रे समजून वापरली गेली.

शेतीच्या सामुदायिकीकरणावरील 'जनरल लाइन' या चित्रपटाचे काम १९२६मध्ये सुरू झाले होते. मार्फा लापकिना या खऱ्याखुऱ्या शेतकरी स्त्रीने त्यात प्रमुख भूमिका केली. दुधातून साय वेगळी करणाऱ्या यंत्रातून पहिला थेंब पडेल की नाही, एवढ्याशा प्रश्नावर त्यांनी एक उत्कंठापूर्ण प्रसंग उभा केला आहे. १९२९मध्ये स्टालिन यांच्या सूचनेवरून चित्रपटाचा शेवट बदलण्यात आला आणि 'जुने आणि नवे' या नावाने तो प्रदर्शित झाला.

मोंताजचा सिद्धांत

फ्रेंच भाषेत 'मोंताज' म्हणजे जोडणी. लेव कुलेशोव यांनी एका नटाचा भावशून्य चेहरा निरनिराळ्या दृश्यांना जोडून दाखवला असता प्रेक्षकांना त्या एकाच चेहऱ्यावर भूक, शोक अशा वेगवेगळ्या भावना दिसल्या. या प्रयोगातून रशियन दिग्दर्शकांचे लक्ष संकलनाकडे वेधले गेले. व्सेवोलोद पुदोव्किन यांच्या मते शॉट हे विटांप्रमाणे एकावर एक रचले जातात आणि त्यांतून कथा उभी राहते. आयझेनस्टाइन यांना हे मान्य नव्हते. शॉटची रचना नव्हे, तर टक्कर महत्त्वाची, असे त्यांचे म्हणणे होते. ही टक्कर दिशा, प्रकाश, आकार, वेग किंवा विचार अशा कशाचीही असू शकते. या भूमिकेमागे मार्क्सवादी द्वंद्ववाद आहे : वाद आणि प्रतिवाद यांच्या संघर्षातून संवाद निष्पन्न होतो, तसा दोन शॉटच्या संघर्षातून अर्थ निष्पन्न होतो.

१९२९मधील लेखनात त्यांनी मोंताजचे पाच प्रकार सांगितले. शॉटच्या केवळ लांबीवर आधारलेला मापात्मक, शॉटमधील हालचालीशी मेळ साधणारा लयात्मक, दृश्याच्या भाववृत्तीवर उभा असलेला स्वरात्मक, मुख्य भावाबरोबर उमटणाऱ्या सूक्ष्म छटांचा मिळून होणारा अधिस्वरात्मक आणि अमूर्त विचार जागवणारा बौद्धिक, असे हे प्रकार आहेत. 'ऑक्टोबर'मधील देवमूर्तींची मालिका बौद्धिक मोंताजचे उदाहरण होय.

बोलपट येऊ लागले तेव्हा, १९२८ साली, त्यांनी पुदोव्किन व अलेक्झांद्रोव यांच्यासह एक निवेदन प्रसिद्ध केले. ध्वनीचा उपयोग केवळ चित्रातील ओठांच्या हालचालींना आवाज पुरवण्यासाठी न करता तो चित्राशी विसंवादी, स्वतंत्र सूर म्हणून वापरावा, अशी त्यात मागणी होती. पुढे याच विचाराचा विस्तार करून त्यांनी चित्र आणि संगीत यांना एकाखाली एक मांडणारी 'उभ्या मोंताज'ची कल्पना मांडली.

परदेशगमन आणि मेक्सिको

१९२९च्या ऑगस्टमध्ये ध्वनितंत्राचा अभ्यास करण्यासाठी आयझेनस्टाइन, अलेक्झांद्रोव आणि तिस्से हे तिघे परदेशी निघाले. स्वित्झर्लंड, जर्मनी, फ्रान्स आणि इंग्लंड येथे त्यांनी व्याख्याने दिली. पॅरिसमध्ये ते लेखक जेम्स जॉइस यांना भेटले. १९३०मध्ये हॉलिवुडच्या पॅरामाउंट कंपनीशी करार करून ते अमेरिकेस गेले. तेथे चार्ली चॅप्लिन यांच्याशी त्यांची मैत्री जुळली. थिओडोर ड्रायझर यांच्या 'ॲन अमेरिकन ट्रॅजेडी' या कादंबरीवर त्यांनी लिहिलेली पटकथा कंपनीने नाकारली. एका तरुणाचा गुन्हा हा समाजव्यवस्थेचाही गुन्हा आहे, असे दाखवणारी ती पटकथा कंपनीला परवडणारी नव्हती. कम्युनिस्ट म्हणून त्यांच्याविरुद्ध प्रचारही चालू होता. त्याच वर्षी करार संपुष्टात आला.

त्यानंतर कादंबरीकार अप्टन सिंक्लेअर आणि त्यांच्या पत्नी यांच्या आर्थिक साहाय्याने ते डिसेंबर १९३०मध्ये मेक्सिकोला गेले. तेथील भूमी, मृत्यूचाही उत्सव करणारे लोक आणि दिएगो रिव्हेरा यांच्यासारखे चित्रकार यांनी त्यांना भारून टाकले. अनेक वर्षे थांबलेला चित्रकलेचा हात येथे पुन्हा सुटला आणि त्यांनी शेकडो रेखाचित्रे काढली. प्रस्तावना, चार कथा आणि उपसंहार अशा रचनेतून मेक्सिकोचा संपूर्ण इतिहास उभा करणारा 'के व्हिवा मेहिको' हा चित्रपट त्यांनी योजला. काही महिन्यांचे काम वर्षाहून अधिक लांबले आणि खर्च ठरलेल्या रकमेपलीकडे गेला. नोव्हेंबर १९३१मध्ये स्टालिन यांनी सिंक्लेअर यांना तार पाठवून आयझेनस्टाइन यांनी सहकाऱ्यांचा विश्वास गमावला असल्याचे आणि देशात त्यांना पळपुटे समजले जात असल्याचे कळवले. १९३२च्या आरंभी सिंक्लेअर यांनी चित्रण थांबवले. स्त्री-सैनिकांवरील चौथी कथा चित्रित व्हायचीच राहिली.

चित्रित झालेली सर्व फीत अमेरिकेत सिंक्लेअर यांच्या ताब्यात राहिली. संकलनासाठी ती मॉस्कोला पाठवली जाईल या आशेवर आयझेनस्टाइन मायदेशी परतले, पण ती आली नाही. तिच्यातून इतरांनी 'थंडर ओव्हर मेक्सिको' (१९३३) व आणखी काही चित्रपट तयार केले. स्वतः चित्रित केलेले हे साहित्य आयझेनस्टाइन यांना कधीही जोडता आले नाही. ती फीत पुढे मॉस्कोला पोहोचली आणि १९७९ साली अलेक्झांद्रोव यांनी मूळ टिपणांच्या आधारे तिची एक आवृत्ती सिद्ध केली. तोवर आयझेनस्टाइन यांच्या निधनाला ३१ वर्षे झाली होती.

मायदेशी परतल्यानंतर

मे १९३२मध्ये आयझेनस्टाइन मॉस्कोला परतले तेव्हा वातावरण पालटलेले होते. कलेतील प्रयोगांना 'रूपवाद' ठरवून त्यांचा निषेध केला जात होता आणि समाजवादी वास्तववाद हे अधिकृत धोरण होऊ घातले होते. त्यांच्या अनेक योजना शासनाने फेटाळल्या. १९३५च्या जानेवारीत झालेल्या चित्रपटकर्मींच्या परिषदेत, सिद्धांत लिहिणारा परंतु चित्रपट न काढणारा दिग्दर्शक म्हणून सहकाऱ्यांनीच त्यांच्यावर टीका केली. १९३४ साली त्यांनी पत्रकार आणि आपल्या सहकारी पेरा अताशेवा यांच्याशी विवाह केला.

या काळात मॉस्कोच्या राज्य चित्रपट संस्थेतील अध्यापन हे त्यांचे प्रमुख कार्य बनले. त्यांची शिकवण्याची पद्धत वेगळी होती. एखादा प्रसंग निवडून नट कोठे उभा राहील, दार कोठे असेल, कॅमेरा कोठे असेल, याचा ऊहापोह ते विद्यार्थ्यांकडून आठवडेच्या आठवडे करवून घेत. तयार उत्तर न देता प्रत्येक निर्णयाचे कारण ते विचारीत. दस्तयेव्हस्की यांच्या कादंबरीतील खुनाचा प्रसंग कॅमेरा न तोडता एकाच शॉटमध्ये बसवण्याचा पाठ त्यांनी दिला होता. संकलनाच्या या आचार्याने संकलनाविना दृश्य रचण्याचे शिक्षण द्यावे, यातून त्यांच्या विचाराची व्याप्ती दिसते. व्लादिमीर निझ्नी या विद्यार्थ्याने या तासांची टिपणे पुढे पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली.

१९३५मध्ये त्यांनी 'बेझिन मेडो' (बेझिनचे कुरण) या चित्रपटाचे चित्रण सुरू केले. पावलिक मोरोझोव या मुलाच्या कथेवर तो आधारलेला होता. आपल्या वडिलांविरुद्ध शासनाकडे तक्रार केल्यामुळे नातलगांनी त्याला ठार मारले, अशी ती प्रचलित कथा. मुलगा आणि बाप यांच्या या संघर्षाला आयझेनस्टाइन यांनी बायबलमधील कथांची छाया दिली. शासनाच्या आक्षेपानंतर लेखक इसाक बाबेल यांच्या साहाय्याने पटकथा नव्याने लिहिली गेली. दरम्यान देवी निघाल्याने आयझेनस्टाइन अंथरुणाला खिळले. मार्च १९३७मध्ये चित्रपट विभागाचे प्रमुख बोरिस शुम्यात्स्की यांनी चित्रण कायमचे थांबवले. आयझेनस्टाइन यांना जाहीर लेख लिहून आपल्या तथाकथित चुका मान्य कराव्या लागल्या. या चित्रपटाची फीत नष्ट झाली. पेरा अताशेवा यांनी जपून ठेवलेल्या प्रत्येक शॉटच्या एकेका चौकटीवरून सर्गेई युत्केविच व नाउम क्लेइमन यांनी १९६०च्या दशकात त्याची स्थिरचित्रांच्या स्वरूपात पुनर्रचना केली. आज हा चित्रपट तेवढाच शिल्लक आहे.

तो काळ सामूहिक अटकांचा होता. 'गॅस मास्क'चे लेखक त्रेत्याकोव यांचा १९३७मध्ये अंत झाला. शुम्यात्स्की यांना १९३८मध्ये, तर बाबेल व मेयरहोल्ड यांना १९४०मध्ये गोळ्या घालण्यात आल्या. मेयरहोल्ड यांचे नाव घेणेही धोक्याचे असताना त्यांच्या कुटुंबीयांनी सोपवलेली हस्तलिखिते व कागदपत्रे आयझेनस्टाइन यांनी आपल्या गावाबाहेरील घरात लपवून ठेवली. जाहीर सभेत मान तुकवणाऱ्या या दिग्दर्शकाने गुप्तपणे दाखवलेल्या या धैर्यामुळे मेयरहोल्ड यांच्या कार्याचा लेखी पुरावा पुढील पिढ्यांसाठी वाचला.

अलेक्झांडर नेव्हस्की

जर्मनीकडून धोका वाढत असताना शासनाला देशभक्तिपर चित्रपट हवा होता. १२४२ साली गोठलेल्या पेइपुस सरोवरावर जर्मन सरदारांचा पराभव करणाऱ्या राजपुत्रावरील 'अलेक्झांडर नेव्हस्की' (१९३८) हा आयझेनस्टाइन यांचा पहिला पूर्ण झालेला बोलपट. निकोलाय चेर्कासोव यांनी त्यात प्रमुख भूमिका केली. बर्फावरील लढाईचे चित्रण ऐन उन्हाळ्यात, मॉस्कोच्या चित्रनगरीजवळ कृत्रिम बर्फ पसरून करण्यात आले. संगीतकार सर्गेई प्रोकोफिएव्ह यांच्याशी त्यांनी बरोबरीच्या नात्याने काम केले. काही दृश्ये संगीतानुसार कापली गेली, तर काही संगीत दृश्यांनुसार रचले गेले.

या चित्रपटामुळे आयझेनस्टाइन यांना १९३९मध्ये 'ऑर्डर ऑफ लेनिन' हा सन्मान मिळाला. परंतु त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सोव्हिएत संघ व जर्मनी यांच्यात अनाक्रमणाचा करार होताच जर्मनविरोधी म्हणून चित्रपट मागे घेण्यात आला. १९४०मध्ये त्यांनीच बोल्शोय नाट्यगृहात जर्मन संगीतकार वाग्नर यांची एक संगीतिका बसवली. जून १९४१मध्ये जर्मनीने आक्रमण केले आणि 'नेव्हस्की' पुन्हा चित्रगृहांत आला. चित्रपटात काहीही बदल न होता केवळ राजकारणाच्या वाऱ्याने त्याचे भाग्य दोनदा पालटले.

इव्हान द टेरिबल आणि अखेरची वर्षे

१९४१च्या आरंभी सोळाव्या शतकातील झार चौथा इव्हान याच्यावर चित्रपट करण्याचे काम त्यांच्याकडे आले. रशियाला एकत्र बांधणाऱ्या कठोर राज्यकर्त्याचे गुणगान, हा त्यामागील शासनाचा हेतू होता. युद्धामुळे चित्रपटसंस्था मध्य आशियातील अल्मा-आता येथे हलवण्यात आली. दिवसा वीज युद्धसाहित्याच्या कारखान्यांना लागत असल्याने चित्रण बहुधा रात्री चाले. आयझेनस्टाइन यांनी प्रत्येक दृश्याची रेखाचित्रे आधीच काढली होती. चेर्कासोव यांची इव्हानची भूमिका, आंद्रेई मोस्कविन व तिस्से यांचे छायालेखन, प्रोकोफिएव्ह यांचे संगीत आणि भिंतींवर मोठमोठ्या होत जाणाऱ्या सावल्या यांतून एक नवीच शैली घडली. 'पोतेमकिन'मधील वेगवान शॉटची जागा येथे संथ, शिल्पासारख्या दृश्यांनी घेतली आहे.

जानेवारी १९४५मध्ये प्रदर्शित झालेल्या पहिल्या भागाला स्टालिन पारितोषिक मिळाले. दुसऱ्या भागात मात्र इव्हान एकाकी, संशयी आणि स्वतः सांडलेल्या रक्ताने पछाडलेला दिसतो. त्याच्या खासगी सैन्याच्या मेजवानीचा प्रसंग रंगीत फितीवर चित्रित केलेला आहे. फेब्रुवारी १९४६मध्ये, दुसऱ्या भागाचे काम हातावेगळे होताच, पारितोषिकाच्या आनंदसमारंभात आयझेनस्टाइन यांना हृदयविकाराचा झटका आला. ते रुग्णालयात असतानाच स्टालिन यांनी तो भाग पाहून नापसंत केला आणि ४ सप्टेंबर १९४६ रोजी पक्षाच्या मध्यवर्ती समितीच्या ठरावात त्याचा निषेध झाला.

फेब्रुवारी १९४७मध्ये आयझेनस्टाइन व चेर्कासोव यांना क्रेमलिनमध्ये बोलावण्यात आले. स्टालिन, मोलोतोव आणि झ्दानोव यांनी त्यांच्याशी रात्री चर्चा केली. इव्हान हॅम्लेटसारखा दुबळा दिसतो, त्याची क्रूरता दाखवताना ती का आवश्यक होती हे दाखवायला हवे, असे स्टालिन यांचे म्हणणे होते. झारच्या दाढीवरही या भेटीत आक्षेप घेण्यात आला. सुधारणा करण्याची परवानगी मिळाली. आयझेनस्टाइन यांनी होकार दिला, परंतु चित्रपटात बदल केला नाही. तिसऱ्या भागाचे चित्रित झालेले बहुतेक साहित्य नष्ट करण्यात आले.

आजारपणाच्या या दोन वर्षांत त्यांनी आठवणी आणि सैद्धांतिक ग्रंथ यांचे विपुल लेखन केले. ११ फेब्रुवारी १९४८ रोजी, वयाच्या ५०व्या वर्षी, हृदयविकारानेच त्यांचे निधन झाले. मॉस्कोतील नोवोदेविची दफनभूमीत त्यांची समाधी आहे. 'इव्हान द टेरिबल'चा दुसरा भाग स्टालिन यांच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी, १९५८ साली, प्रदर्शित झाला. दिग्दर्शकाने ठेवला होता तसाच तो आज पाहायला मिळतो.

प्रभाव

'द फिल्म सेन्स' (१९४२) आणि 'फिल्म फॉर्म' (१९४९) हे जे लेडा यांनी इंग्रजीत अनुवादित केलेले त्यांचे ग्रंथ जगभरातील चित्रपटशिक्षणात पायाभूत मानले जातात. 'पोतेमकिन'मधील किंचाळणाऱ्या, चष्मा फुटलेल्या स्त्रीचा चेहरा चित्रकार फ्रान्सिस बेकन यांच्या चित्रांत उतरला. ब्रायन डी पामा यांनी 'द अनटचेबल्स' (१९८७) या चित्रपटात पायऱ्यांवरील बाबागाडीचा प्रसंग योजून त्यांना अभिवादन केले.

भारतात १९४७ साली सत्यजित राय, चिदानंद दासगुप्ता आदींनी स्थापन केलेल्या कलकत्ता फिल्म सोसायटीने सुरुवातीलाच 'पोतेमकिन' दाखवला. ऋत्विक घटक आयझेनस्टाइन यांना आपल्या प्रेरणास्थानांपैकी एक मानीत. १९६०च्या दशकात पुण्याच्या चित्रपट संस्थेत त्यांनी काही काळ अध्यापन केले.

आयझेनस्टाइन यांच्यावरील मतभेद आजही संपलेले नाहीत. त्यांचे बहुतेक चित्रपट शासनाच्या मागणीवरून निर्माण झाले आणि त्यांतील प्रचार लपत नाही, हा आक्षेप खरा आहे. पण ज्या शासनासाठी ते निर्माण झाले त्याच शासनाला ते वेळोवेळी अस्वस्थ करीत राहिले, हेही तितकेच खरे आहे. ठरवून दिलेला विषय आणि त्यातून त्यांनी काढलेला अर्थ यांत नेहमीच टक्कर होती.

प्रमुख चित्रपट

स्ट्राइक (१९२५)
बॅटलशिप पोतेमकिन (१९२५)
ऑक्टोबर (१९२८)
जुने आणि नवे (१९२९)
के व्हिवा मेहिको (अपूर्ण, चित्रण १९३०-३२)
बेझिन मेडो (अपूर्ण, चित्रण १९३५-३७)
अलेक्झांडर नेव्हस्की (१९३८)
इव्हान द टेरिबल, भाग पहिला (१९४५)
इव्हान द टेरिबल, भाग दुसरा (पूर्ण १९४६, प्रदर्शित १९५८)